अपील दाखल केले म्हणजे ताब्याची दरखास्त आपोआप थांबते का?

माळरानकर_तासगाव, १८ सप्टेंबर

नमस्कार. तासगाव तालुक्यात आमची साडेतीन एकर द्राक्षबाग आहे. बागेच्या पूर्वेला आमच्याच भावकीची जमीन असून मधल्या २२ गुंठ्यांवरून २०१४ पासून दिवाणी दावा चालू होता. कोर्ट कमिशनरच्या मोजणीत ही २२ गुंठे त्यांच्या गटात निघाली. त्या मोजणीला आम्ही घेतलेली हरकत मान्य झाली नाही आणि ३ सप्टेंबरला दाव्याचा निकाल आमच्याविरुद्ध लागला. आम्ही ६० दिवसांच्या आत खुला ताबा द्यावा आणि दावा दाखल झाल्यापासून ताबा देईपर्यंतच्या काळातील उत्पन्नाची, म्हणजे कोर्टाच्या बोलीत जिला वासलात म्हणतात तिची, स्वतंत्र चौकशी व्हावी, असे हुकूमनाम्यात म्हटले आहे.

आम्हाला सांगलीच्या जिल्हा न्यायालयात अपील करायचे आहे. नकलेचा अर्ज ४ सप्टेंबरला दिला आणि १५ तारखेला नक्कल हातात आली. गावात दोन प्रकारचे सल्ले मिळत आहेत. एक म्हणतो, अपील टाकले की बेलीफ शेतात पाय ठेवत नाही. दुसरा म्हणतो, ६० दिवस म्हणजे २ नोव्हेंबरपर्यंत वेळ आहे, तोवर छाटणी उरकून घ्या आणि मग वकिलांकडे जा. वादातल्या २२ गुंठ्यांवर सहा वर्षांपूर्वी डॉगरीज खुंटावर कलम केलेली बाग उभी आहे. ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात छाटणी धरली, तर छाटणीपासून काढणीपर्यंत तेवढ्या तुकड्यावरच साधारण दीड लाख रुपये खर्च होतात, आणि मध्येच ताबा गेला तर तो सगळा खर्च मातीत जाईल. वडिलांचे वय ७१ आहे. निकाल लागल्यापासून ते रोज पहाटे उठून त्याच ओळींतून फिरत असतात. अपील दाखल केल्याने ताबा थांबतो का, आणि थांबत नसेल तर काय करावे लागते, हे कृपया जाणकारांनी सांगावे.

दिवाणी_मिरज, १८ सप्टेंबर

मी मिरज आणि सांगली येथे दिवाणी बाजूला वकिली करतो. आपले कागद न पाहता लिहीत असल्यामुळे हे सर्वसाधारण मार्गदर्शन समजावे. अंतिम सल्ला आपल्या वकिलांचाच घ्यावा.

सर्वात आधी तारखांचे बोलतो, कारण गावातला दुसरा सल्ला पहिल्यापेक्षा घातक आहे. हुकूमनाम्यात दिलेले ६० दिवस ताबा सोडण्यासाठी आहेत, अपिलासाठी नाहीत. जिल्हा न्यायालयात अपील करण्याची मुदत ३० दिवसांची असते. ३ सप्टेंबरपासून ३० दिवस म्हणजे ३ ऑक्टोबर. त्यात नक्कल मिळण्यास लागलेले ४ ते १५ सप्टेंबर असे बारा दिवस मिळवले, तर आपली शेवटची तारीख १५ ऑक्टोबर येते. २ नोव्हेंबरच्या भरवशावर राहिलात तर अपील मुदतबाह्य होईल. विलंब माफ करून घेता येतो हे खरे, पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ मधील नियम ३अ सहसा कोणी वाचत नाही. विलंबमाफीचा अर्ज जोडलेला असेल, तर अपील ऐकून घ्यावयाचे आहे असे न्यायालयाने नियम ११ खालील सुनावणीनंतर ठरवेपर्यंत स्थगितीचा आदेश देता येत नाही, असे त्या नियमाच्या तिसऱ्या पोटनियमात स्पष्ट लिहिले आहे. म्हणजे उशीर केलात तर अपील कदाचित वाचेल, पण ज्या आठवड्यांत स्थगितीची सर्वाधिक गरज आहे नेमक्या त्याच आठवड्यांत ती मागण्याची वाट बंद झालेली असेल.

आता मूळ प्रश्न. आदेश ४१ नियम ५ ची सुरुवातच अशी आहे की अपील केल्याने हुकूमनाम्याखालील कार्यवाही थांबत नाही, आणि केवळ अपील झाले आहे एवढ्या कारणावरून अंमलबजावणीस स्थगितीही मिळत नाही. स्थगिती स्वतंत्र अर्जाने मागावी लागते आणि त्यासाठी पुरेसे कारण दाखवावे लागते. ‘अपील टाकले की बेलीफ येत नाही’ हा समज बहुधा असा रुजला असावा की अपिलाबरोबर स्थगितीचा अर्ज वकील नेहमीच देतात आणि पक्षकाराच्या लक्षात फक्त अपील राहते.

आणखी एक गैरसमज आधीच दूर करतो. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागणारा अर्ज, दाखल झाली की आपल्याला नोटीस येईल आणि मग धावपळ करू, असे बरेच जण धरून चालतात. आदेश २१ नियम २२ प्रमाणे अशी नोटीस हुकूमनाम्याला दोन वर्षे उलटून गेल्यानंतरच्या दरखास्तीत सक्तीची असते. दोन वर्षांच्या आत दरखास्त आली तर ती काढलीच पाहिजे असे बंधन नाही. ३ नोव्हेंबरला दरखास्त दाखल होऊन थोड्याच दिवसांत कब्जा वॉरंट निघाले, तर त्यात बेकायदेशीर काही नसेल.

स्थगिती देण्यापूर्वी न्यायालयाने तीन गोष्टींबद्दल समाधान करून घ्यावे, असे नियम ५ चा तिसरा पोटनियम सांगतो. स्थगिती न मिळाल्यास अर्जदाराचे भरीव नुकसान होईल का, अर्ज विनाकारण उशिराने केलेला नाही ना, आणि पुढे जो हुकूमनामा कायम होईल त्याच्या पूर्ततेसाठी अर्जदाराने तारण दिले आहे का. तिन्ही हवेत. आपल्या अशिलांचा सगळा भर बहुतेक वेळा चौथ्याच गोष्टीवर असतो, ती म्हणजे खालच्या न्यायालयाचा निकाल किती चुकीचा आहे. तो मुद्दा अपिलाच्या मेमोत सविस्तर यावा आणि प्रथमदर्शनी विचार करण्याजोगे काही आहे एवढे स्थगितीच्या वेळीही दाखवावे लागते, परंतु दहा पानी टीका करून नुकसानीबद्दल एकच ओळ लिहिलेला अर्ज टिकत नाही.

भरीव नुकसान म्हणजे ताबा जाणे नव्हे. ताब्याच्या प्रत्येक हुकूमनाम्यात ताबा जाणारच असतो. आपल्या बाबतीत बाग आहे, हाच आपला खरा मुद्दा. तोडलेली वेल निकाल फिरला तरी परत मिळत नाही, आणि नवी लावून फळ धरायला वर्षे जातात. हे कागदाने दाखवा. सात-बारावरची पीक नोंद, ई-पीक पाहणी, सोसायटीच्या कर्जाचा उतारा, औषधे व खतांची बिले, तारीख दिसेल असे फोटो आणि ओळींची संख्या, हे सारे शपथपत्राला जोडा. ‘अपरिमित नुकसान होईल’ हे वाक्य प्रत्येक अर्जात असते आणि म्हणूनच ते कोणी वाचत नाही.

समोरच्यांनी कॅव्हेट दाखल केले आहे का, हेही विचारून घ्या. कलम १४८अ खालचे कॅव्हेट ९० दिवस चालते आणि ते असेल तर त्यांना ऐकल्याशिवाय अंतरिम आदेश होत नाही. मग पहिल्याच दिवशी एकतर्फी स्थगितीची आशा धरता येत नाही, म्हणून अपील शेवटच्या तारखेला न नेता आताच दाखल करा. अपिलाच्या मुदतीत, ज्या न्यायालयाने हुकूमनामा दिला त्याच न्यायालयाकडेही नियम ५ च्या दुसऱ्या पोटनियमाखाली तात्पुरती स्थगिती मागता येते. निकाल जाहीर होताच त्याच दिवशी असा अर्ज देण्याची आमच्याकडे पद्धत आहे. आपल्या हुकूमनाम्यातच ६० दिवस असल्याने तो दिला गेला नसावा.

जुना_नाझर_कोरेगाव, १९ सप्टेंबर

वकीलसाहेबांनी कायदा सांगितला. मी सातारा जिल्ह्यात न्यायालयीन कर्मचारी म्हणून बत्तीस वर्षे काढली आणि त्यातली बरीच वर्षे नाझर कार्यालयात, म्हणजे बेलीफ आणि वॉरंटांचे काम पाहणाऱ्या शाखेत, गेली, म्हणून आदेश मिळाल्यानंतरच्या चोवीस तासांबद्दल लिहितो. स्थगिती मिळणे आणि स्थगिती पोहोचणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि मी पाहिलेले बहुतेक घोटाळे या दुसरीत झालेले आहेत.

एका तालुक्यातील प्रसंग आठवतो, गाव सांगत नाही. बेलीफ, पंच आणि पोलीस बंदोबस्त घेऊन घराचा ताबा देण्यास गेले होते. दुपारी साडेबाराच्या सुमारास ज्याच्याविरुद्ध हुकूमनामा होता त्या माणसाच्या मुलाचा जिल्ह्याच्या ठिकाणाहून फोन आला, की स्थगिती झाली आहे, थांबा. बेलिफाने फोन कानाला लावला, ऐकून घेतले आणि काम पुढे चालू केले. गावकऱ्यांना तो माणूस निर्दय वाटला. परंतु त्याच्या हातात वॉरंट होते आणि फोनवरच्या आवाजाला शिक्का नसतो. मुलगा एसटीने संध्याकाळी पोहोचला तेव्हा पंचनाम्यावर सह्या होऊन कुलूपही बदललेले होते.

नियम ५ च्या पहिल्या पोटनियमाखाली एक स्पष्टीकरण आहे, ते १९७६ च्या दुरुस्तीने आले. अपील न्यायालयाचा स्थगिती आदेश मूळ न्यायालयाला कळवला गेल्यापासून अमलात येतो. पण तो कळेपर्यंत, असा आदेश झाल्याचे मला स्वतःला माहीत आहे असे अपीलकर्त्याने शपथेवर लिहून दिले, तर मूळ न्यायालयाने त्या शपथपत्रावर कृती करायची असते. त्या मुलाने जिल्ह्याला थांबून नकलेची वाट पाहण्याऐवजी वडिलांना तालुक्याच्या न्यायालयात शपथपत्र करायला लावले असते, तर कदाचित कुलूप वाचले असते. अर्थात शपथपत्र अपीलकर्त्याचे आणि स्वतःच्या माहितीवर आधारलेले हवे, म्हणून आदेशाच्या वेळी स्वतः अपीलकर्ता न्यायालयात हजर असलेला बरा. आपले वडील ७१ वर्षांचे आहेत असे आपण लिहिता. अपिलात आपण स्वतःही पक्षकार असाल तर सुनावणीला आपण जावे.

आदेश न कळता ताबा दिला गेला, तर ती कारवाई मुळातूनच रद्दबातल ठरते असे नाही, कारण आदेश माहीत नसलेल्या न्यायालयाचा अधिकार त्याने संपत नाही. मुलराज विरुद्ध मूर्ती रघुनाथजी महाराज या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली हेच सांगितले. मात्र स्थगितीनंतर अजाणता झालेली कृती योग्य प्रकरणात पूर्ववत करण्याचा अंगभूत अधिकार न्यायालयाला आहे, असेही त्यातच म्हटले आहे. त्या घराचा ताबा पुढे परत मिळाला. मधल्या सात महिन्यांत तो माणूस मेव्हण्याच्या पडवीत राहत होता.

उलटी_बाजू_इस्लामपूर, २० सप्टेंबर

मी या धाग्यावर गोड बोलणार नाही, त्याबद्दल क्षमा असावी. आमच्या वडिलांनी २००९ साली ताब्याचा दावा जिंकला. समोरच्यांनी अपील केले, ‘जैसे थे’ असा दोन शब्दांचा आदेश मिळवला आणि ते अपील दहा वर्षे पडून राहिले. त्या दहा वर्षांत आमच्या जमिनीतल्या उसाचे बिल दरवर्षी त्यांच्या खात्यावर जात राहिले, कारण त्या आदेशात एक रुपया भरण्याची अट नव्हती. २०१९ मध्ये अपील फेटाळले गेले तेव्हा वडील हयात नव्हते. वासलातीची चौकशी अजून चालू आहे. स्थगिती मागणाऱ्याने एवढे तरी लक्षात ठेवावे, की समोर उभा असलेला माणूस खटला जिंकलेला आहे.

कायद्यानेही ही बाजू ओळखलेली आहे. दिल्लीच्या कॅनॉट सर्कसमधील एका जागेचे प्रकरण, आत्माराम प्रॉपर्टीज विरुद्ध फेडरल मोटर्स, सर्वोच्च न्यायालयाने १० डिसेंबर २००४ रोजी निकाली काढले. त्या जागेचे जुने भाडे महिना ३७१ रुपये ९० पैसे होते आणि अपील चालू असेपर्यंत निष्कासन थांबवायचे असेल तर महिना १५,००० रुपये भरा, अशी अट अपिलीय न्यायाधिकरणाने घातली होती. उच्च न्यायालयाने ती काढून टाकली, सर्वोच्च न्यायालयाने परत लावली. स्थगिती देताना न्यायालयाने वाजवी अटी घालाव्यात आणि हुकूमनाम्यानंतर जागा वापरणाऱ्याकडून जुन्या भाड्याने नव्हे तर त्या काळच्या मोलाने भरपाई घ्यावी, असे त्यात तत्त्व आहे. पुढे २००९ मध्ये महाराष्ट्र शासन विरुद्ध सुपर मॅक्स इंटरनॅशनल या प्रकरणात आपल्याच राज्याच्या भाडे कायद्यासंदर्भात तेच पुन्हा सांगितले गेले. ही दोन्ही प्रकरणे भाड्याची आहेत, शेतीची नाहीत, हे मला कळते. पण स्थगिती फुकट मिळू नये ही गोष्ट दोन्हीकडे सारखीच आहे. आमच्या वकिलांनी २००९ मध्ये हे मांडले असते तर बरे झाले असते, पण तो राग इथे काढण्यात अर्थ नाही.

एक माहिती खात्रीने सांगावी. दिवाणी स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठते असे आम्हाला मध्यंतरी सांगण्यात आले होते. ते अजून लागू आहे का?

दिवाणी_मिरज, २० सप्टेंबर

आपला राग रास्त आहे आणि प्रश्न विचारणाऱ्यांनाही तो उपयोगी पडेल.

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो. मार्च २०१८ मध्ये एशियन रीसरफेसिंगच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने, सहा महिन्यांनंतर कारणे देऊन मुदत वाढवली नाही तर स्थगिती संपुष्टात येईल, असे म्हटले होते. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते मत बाजूला सारले. आता स्थगिती केवळ दिवस उलटले म्हणून उठत नाही, ती उठवण्यासाठी अर्ज करावा लागतो. तालुक्याच्या बाररूममध्ये जुना निकाल अजून ऐकवला जातो, सावध राहा. दुसऱ्या टोकाला राहुल शहा प्रकरणात २०२१ साली, दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढावी असे निर्देश दिले गेले आहेत. म्हणजे स्थगिती नसेल तर दरखास्तीचे चाक पूर्वीपेक्षा वेगाने फिरण्याचीच शक्यता धरावी.

माळरानकर, इस्लामपूरच्या गृहस्थांच्या लेखनातून आपण घ्यायचे ते हे: अट न्यायालयाने घालण्याची वाट पाहू नका, स्वतःच पुढे करा. २२ गुंठ्यांच्या वापराबद्दल वर्षाला अमुक रक्कम अपिलाच्या निकालापर्यंत न्यायालयात भरत राहू, बागेत नवीन बांधकाम वा बोअर करणार नाही, जमीन कोणाला विकणार नाही की गहाण देणार नाही, आणि उत्पन्नाचा हिशेब ठेवून मागितल्यास सादर करू, असे शपथपत्रात लिहा. स्वतःहून दिलेली अट वाजवी असली तर न्यायालयाला विश्वास वाटतो आणि समोरच्या वकिलांचा अर्धा युक्तिवाद तिथेच संपतो. रक्कम मात्र झेपेल तीच सांगा. अट मोडली तर स्थगिती जाते, आणि जाताना ती आपल्याबद्दलचे मतही बिघडवून जाते. जामीनदार द्यायचा असेल तर त्यालाही नीट समजावून सांगा, कारण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४५ प्रमाणे त्याने पत्करलेली जबाबदारी त्याच्याविरुद्ध थेट दरखास्तीतून वसूल होऊ शकते, वेगळा दावा लागत नाही.

स्थगितीने काय होत नाही, हेही सांगून ठेवतो. हुकूमनामा पुसला जात नाही. श्री चामुंडी मोपेड्स प्रकरणात १९९२ साली आदेश रद्द होणे आणि आदेशास स्थगिती मिळणे यांतला फरक सर्वोच्च न्यायालयाने उलगडला आहे: रद्द झाला की स्थिती आदेशापूर्वीची होते, स्थगितीत आदेश जिवंत राहतो आणि फक्त त्याचा अंमल थांबतो. म्हणून स्थगिती मिळाल्यावर गावात पेढे वाटू नयेत, असे मी अशिलांना सांगतो. यंदाचे पीक आपण काढाल, पण अपील हरलात तर त्या पिकाचाही हिशेब वासलातीत द्यावा लागेल.

जिल्हा न्यायालयाने स्थगिती नाकारली तर त्या आदेशाविरुद्ध पुन्हा अपील नाही, कारण आदेश ४३ च्या यादीत तो बसत नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, आणि त्यासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असून सांगली व सातारा हे दोन्ही जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. मात्र स्थगितीची अट थोडी जड वाटते म्हणून कोल्हापूर गाठणाऱ्यांना तेथेही फारशी सहानुभूती मिळत नाही.

गांधीचौक_कराड, २२ सप्टेंबर

विषय जवळचा आहे म्हणून इथेच विचारतो. माझ्या सासऱ्यांविरुद्ध मालाच्या थकबाकीपोटी ७ लाख ८० हजार रुपये आणि व्याज असा हुकूमनामा झाला आहे. अपील दाखल झाले आहे, तरी दरखास्तीत त्यांचा गाळा जप्त होऊन लिलावाचा हुकूम झाला. सगळी रक्कम भरल्याशिवाय अपीलच चालणार नाही, असे समोरचे सांगतात. हे बरोबर आहे का?

दिवाणी_मिरज, २२ सप्टेंबर

अर्धे बरोबर आहे. पैशाच्या हुकूमनाम्याविरुद्ध अपील करणाऱ्याने, न्यायालय देईल त्या मुदतीत वादग्रस्त रक्कम भरावी किंवा तारण द्यावे, असे आदेश ४१ नियम १ चा तिसरा पोटनियम म्हणतो, आणि तसे केले नाही तर स्थगिती देऊ नये, असे नियम ५ चा पाचवा पोटनियम म्हणतो. परिणाम स्थगितीपुरता आहे. रक्कम भरली नाही म्हणून अपील फेटाळता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने स्टेट बँकेच्या एका प्रकरणात स्पष्ट केले आहे. गुजरातमधील सिहोर नगरपालिकेच्या २००५ च्या प्रकरणात, पैशाच्या हुकूमनाम्याला स्थगिती देताना रक्कम अथवा तारण घेणे हा सर्वसाधारण नियम असला तरी अपवादात्मक कारण असेल तर न्यायालयाला विवेकाधिकार उरतो, असेही म्हटले आहे. ‘धंदा बसला आहे’ हे अपवादात्मक कारण समजले जात नाही, हे अनुभवाने सांगतो. पैशाच्या बाबतीत न्यायालयाची दृष्टी साधी असते. भरलेले पैसे व्याजासह परत मिळू शकतात, मग भरायला हरकत काय?

लिलावाबद्दल मात्र वेगळी तरतूद आहे आणि ती आपल्याला लगेच वापरता येईल. स्थावर मिळकत विकण्याचा हुकूम झाला असून अपील प्रलंबित असेल, तर ज्या न्यायालयाने तो हुकूम दिला त्याच्याकडे अर्ज केल्यास अपिलाच्या निकालापर्यंत विक्री थांबवावी लागते, मात्र तारण किंवा न्यायालयाला योग्य वाटेल त्या अटीवर. हा आदेश ४१ नियम ६ चा दुसरा पोटनियम. रोख ७ लाख ८० हजार जमत नसतील तर जप्तीत असलेला गाळा हेच तारण धरावे, अशी विनंती करून पाहा, आणि सोबत काही रक्कम भरण्याची तयारी दाखवा. लिलाव होऊन गेल्यावर तो रद्द करून घेणे याच्या कितीतरी पटींनी अवघड असते.

उलटी_बाजू_इस्लामपूर, २२ सप्टेंबर

कराडच्या पाहुण्यांना एवढेच सुचवतो की थकबाकी खरोखर किती आहे हे सासऱ्यांना एकदा एकांतात विचारावे. जेवढी मान्य असेल तेवढी आधी भरून टाकली, तर उरलेल्या रकमेबद्दल न्यायालयही ऐकून घेते आणि कधी कधी समोरचा व्यापारीसुद्धा.

माळरानकर_तासगाव, १४ ऑक्टोबर

सर्वांचे मनापासून आभार. काय झाले ते कळवणे माझे कर्तव्य आहे.

१५ ऑक्टोबर ही शेवटची तारीख आहे हे वाचले त्या रात्री मला झोप लागली नाही, कारण आम्ही खरोखरच दसरा झाल्यावर बघू असे ठरवले होते. अपील आणि स्थगितीचा अर्ज २९ सप्टेंबरला दाखल झाला. समोरच्यांचे कॅव्हेट होतेच, त्यामुळे पहिल्या दिवशी काहीही मिळाले नाही आणि ९ ऑक्टोबर ही तारीख पडली. छाटणी थांबवता येत नव्हती. वडिलांनी ती ५ तारखेला सुरू केली आणि ‘निकाल काही लागो, वेलीला कोर्टाचे कळत नाही’ एवढेच म्हणाले. सुनावणीत समोरच्या वकिलांनी नेमका त्यावरच बोट ठेवले, की हरलेला पक्ष ताबा सोडण्याच्या मुदतीत नवा खर्च करून नुकसान स्वतःच वाढवतो आहे. हे मला सुचले नव्हते. आमच्या वकिलांनी मागील पाच वर्षांची छाटणीची बिले दाखवली, दरवर्षी तारीख हीच असते हे निदर्शनास आणले, आणि वर्षाला ६०,००० रुपये भरण्याची आमची तयारी शपथपत्रातून वाचून दाखवली.

काल, १३ ऑक्टोबरला आदेश झाला. अपिलाच्या निकालापर्यंत ताब्यास स्थगिती आहे, परंतु रक्कम ६०,००० नव्हे, वर्षाला ८५,००० ठरली आहे. पहिले ८५,००० येत्या १० नोव्हेंबरपर्यंत भरायचे आहेत, न भरल्यास स्थगिती आपोआप रद्द होईल असे आदेशातच लिहिले आहे. वासलातीच्या चौकशीस स्थगिती मिळालेली नाही, ती चालू राहणार आहे. मोजणीबाबतची आमची हरकत विचार करण्याजोगी आहे एवढेच आदेशात आले आहे, त्यापुढे एक अक्षर नाही. रक्कम वाढल्याचे घरी सांगितले तेव्हा आई म्हणाली, भावकीत जाणार असेल तर जाऊ दे, निदान परक्याला तर नाही. यावर काय बोलावे ते मला कळले नाही.

नाझरसाहेब, आदेशाच्या वेळी मी स्वतः हजर होतो. अजून दरखास्त दाखल झालेली नाही. तरीही मूळ न्यायालयात शपथपत्र द्यावे का?

जुना_नाझर_कोरेगाव, १४ ऑक्टोबर

दरखास्त नसेल तर शपथपत्र देण्याची घाई नाही, पण आदेशाची प्रमाणित नक्कल आजच मागा आणि ती मिळताच मूळ न्यायालयात मूळ दाव्याच्या कामी एका पुरसिससोबत, म्हणजे न्यायालयाला माहिती देणाऱ्या लेखी निवेदनासोबत, दाखल करून पोच घ्या. दरखास्त उद्या आली तरी आदेश तिच्या आधीपासून त्या न्यायालयाच्या दप्तरी असेल. एक झेरॉक्स वडिलांच्या खिशात आणि एक बागेच्या शेडमध्ये ठेवा, कारण बेलीफ येतो तेव्हा घरातला कर्ता माणूस नेमका बाजाराला गेलेला असतो.

रक्कम १० नोव्हेंबरच्या दिवशी भरायला जाऊ नका. मध्ये दिवाळीची सुट्टी आहे, आणि सुट्टीनंतरच्या पहिल्या दिवसांत रोखपालाच्या खिडकीपुढे मोठी रांग असते. चलन सुट्टीपूर्वीच मंजूर करून घ्या, शक्य असेल तर या आठवड्यातच रक्कम भरा, आणि पावतीची नक्कल जोडून अपिलाच्या कामीही पुरसिस द्या की अट पाळली आहे. आमच्या काळात एका पक्षकाराने वेळेत पैसे भरले होते, पण पावती घरच्या ट्रंकेत राहिली आणि प्रकरणात कुठेच नोंद नव्हती. समोरच्यांनी स्थगिती संपली म्हणून वॉरंट काढले, आणि ती ट्रंक उघडेपर्यंत बेलीफ एसटीत बसलेला होता.

पुढच्या वर्षीच्या ८५,००० ची तारीख आदेशात दिली आहे का ते पाहा. नसेल तर वकिलांना सांगून आताच स्पष्ट करून घ्या.

माळरानकर_तासगाव, १४ ऑक्टोबर

पाहिले. ‘दरवर्षी’ एवढेच आहे, तारीख नाही. उद्या सकाळी सांगलीला जातो.